वैद्यानं लिहून देल्लेली विजया

हिंगणी,
१५ जानेवारी, संक्रांतीची कर

विजे,

लिफाफ्यावरचं अक्षर पाहून तू तोंड वाकडं केलं असशील. करून घे, मंग वाच. मोठ्या बहिणीनं इतक्या वर्षांनी तुले कागद लिहिला तो तिळगुळासाठी नाई. गोड बोलायचा सण काल झाला. आज कर हाय, आज तसंही कोणाले गोड बोला लागत नाई.

कारण असं, का मले वैद्यानं तू लिहून देल्ली.

कमरीत दुखते म्हणून छाया मले नागपूरले एका आयुर्वेदाच्या डाक्टरणीकडे घेऊन गेली. छाया म्हणजे मुकेशची बायको. लग्नाले तू आली नाई, म्हणून तुह्या बहिणीच्या सुनेची ओळख मले कागदावर करून द्या लागते. डाक्टरणीचं नाव मंजुषा मॅडम. वयानं पोट्टीच हाय, पण समोरच्याचं पूर्ण ऐकून घेते, हे आजकाल कमी. तिनं माहे सगळे कागद पाह्यले, नाडी पाह्यली, अन् म्हणे, "आजी, तुम्हाला विजया सुरू करूया."

मी म्हणलं, "मॅडम, ते माह्यी लहान बहीण हाय. आर्वीले राह्यते. औषध म्हणून तिचा आजपर्यंत कोणाले उपयोग झाला नाई."

छायानं तोंडाले पदर लावला. मॅडम खुर्चीत मागं टेकून हसली अन् मंग तिनं समजावून सांगितलं, का जुन्या पोथ्यांत भांगेले विजया म्हणतात. तिच्या पानाचा अर्क तेलात उतरवतात, त्याचे थेंब जिभेखाली ठेवा लागतात, अन् वैद्याची चिठ्ठी असली का त्यात चोरीचं काही नाई. म्हणजे पाहाय विजे, जन्मभर तू दारूबंदी मंडळाच्या बाया घेऊन आर्वीतले अड्डे फोडत फिरली, अन् तुह्यं सोताचं नाव भांग.

आपल्या बाले हे ठाऊक असन का? त्यानं तर आपल्याले देवाच्या दारावरच्या जय-विजयाची नावं ठेवली होती. पोरगा नाई झाला म्हणून कोणी हळहळलं का म्हणे, माह्या दाराले दोन दारवान हायत, मले काय कमी. पण त्याची शिवरात्र आठवली का वाटते, ठाऊक असन. हिंगणघाटले सायकल मारत जाय अन् सरकारी दुकानातून पुडी आणे. तवा भांगेचं दुकान होतं, रॉकेलच्या दुकानावानी, कोणी लपत नव्हतं. मंग बाच्या भजनातला सोबती तानबा मृदंग बाजूले ठेवून मायच्या पाट्यावर वाटाले बसे. मिरे, बडीशेप, खसखस, अन् तो हिरवा गोळा. माय ओरडे का उद्या त्याच पाट्यावर मी चटणी वाटतो, साऱ्या घराले झिंगवता काय. तानबा म्हणे, वयनी, चटणीले चव येईन.

ज्या साली आपण दोघींनी वरवंटा चाटला ते साल कोणतं, मले सांगता येत नाई. तुह्या दोन वेण्या होत्या, एवढं आठवते. साखर लावून चाटला होता. मंग मी अंगणात बसून माहे पाय शोधत होती, अन् तू गोठ्यात जाऊन बैलाले इचारत होती, "मामा, मामी काऊन नाई आली?" बैलानं मान हालवली तर तुले राग आला का मामा नीट उत्तर देत नाई. मायनं चिंचेचं पाणी पाजलं. पाजता पाजता तीच खाली बसली अन् पोट धरून हसली. मायले तितकी हसलेली मी त्या दिवसाआधी पाह्यली नव्हती, अन् नंतर तर नाईच नाई.

तर मी तुह्या नावाचं औषध घेणार हाय. हे इचारणं नाई, कळवणं हाय.

जयवंता


हिंगणी,
२८ जानेवारी

विजे,

उत्तर नाई. नसो.

इकडे औषधासाठी अर्ज भरला. छायानं मोबाइलवर भरला, मी बाजूले बसून सांगत होती. आधार कार्डावर माह्या जन्माची तारीख एक जानेवारी हाय. गावातल्या अर्ध्या म्हाताऱ्यांची तीच हाय. साऱ्या एकाच दिवशी जन्मल्या, त्या दिवशी सुईणीचं काय झालं असन देव जाणे. मंग फोटो काढला. छाया म्हणे आई, थोडं हसा. मी म्हणलं, दुखणेकरी म्हणून अर्ज करून राह्यली, हसली तर नाकारतीन.

एक सवाल असा होता, का हे औषध याआधी कधी घेतलं हाय काय. छाया नाई लिहाले निघाली. मी तिचा हात धरला. म्हणलं हो लिही, माहेरी वडनेरले, शिवरात्रीच्या दिवशी, वरवंट्यावरून. ते म्हणे आई, तिथं एवढी जागा नाई, नुसतं हो नाई तर नाई. मंग हो लिहिलं. खोटं लिहून औषध घेतलं तर ते लागू पडन काय?

छायाची मामेबहीण अमेरिकेत हाय. तिकडे म्हणे अशा दुखणेकऱ्याले राज्याचं सरकार कार्ड देते, फोटोचं. मी मॅडमले फोनवर म्हणलं, मलेही कार्ड द्या. राशनचं हाय, मतदानाचं हाय, बसच्या अर्ध्या तिकिटाचं हाय, एक भांगेचं पेटीत पडलं तर पेटी फुटत नाई. ते म्हणे आजी, आपल्याकडे कार्ड नसतं, नुसती चिठ्ठी, ती बाटलीजवळ ठेवायची. म्हणजे चिठ्ठी उंदरानं खाल्ली का मी गुन्हेगार.

पण गाडं तिथं अडलं नाई. गाडं अडलं सहीवर. मॅडमचा नेम हाय, का घरातल्या एका माणसानं देखरेख करतो म्हणून सही करा लागते. थेंब तोच देईन, किती देल्ले ध्यानात ठेवन, दुखणेकऱ्यानं आपल्या मनानं बाटली तोंडाले लावू नये. माह्याकडे पाहून तिनं हा नेम केला असन असं मले वाटलं, पण म्हणे सगळ्यांसाठीच हाय.

मुकेश सही करत नाई. मास्तर हाय तो, शाळेत पोरांकडून नशामुक्तीची शपथ घेते. म्हणे आई, आपल्या जिल्ह्यात दारू बंद हाय अन् आपल्या घरात गांजाचं तेल आलं, गाव काय म्हणन. मी म्हणलं, दारू बंद हाय म्हणूनच तर तुह्या शाळेमागच्या नालीत बाटल्या सापडतात. तर काय म्हणावं त्यानं? म्हणे, आर्वीच्या मावशीनं हो म्हणलं तर मी सही करतो. तिचा शब्द जिल्ह्यात चालते.

माह्या पोटचा पोरगा, दुखणं माह्यं, अन् परवानगी आर्वीहून. छाया सही कराले तयार होती. मीच करू देल्ली नाई. मी गेल्यावर तिले त्याच्यासंगंच राह्यचं हाय.

आता मायचं बोलतो. तुले वाटलं असन मी टाळतो. टाळत नाई.

दवाखाना जवळ पडते म्हणून माय शेवटी तुह्याकडे होती. तिच्या पोटातलं दुखणं शेजारच्या गल्लीत ऐकू जाय. तानबा, तोही म्हातारा झाला होता, वडनेरहून एस.टी.नं आला, धोतराच्या सोग्यात पुडी बांधून. त्याले माय वयनी होती, देवावानी होती. तू त्याले ओसरीवरूनच वाटेले लावलं अन् पुडी मोरीत ओतली. मी दुसऱ्या दिवशी पोचली तवा गल्लीच्या तोंडाशीच मले मायचा आवाज आला. तिनं माह्या हाताले धरलं ते सोडलंच नाई, नखं रुतली. माह्या पोरांची नावं घेतली, गाय व्याली काय इचारलं, अन् मधामधात ओरडे. तिसऱ्या दिवशी गेली. तेराव्याले मी तुले साऱ्या सोयऱ्यांसमोर इचारलं, का तू असं काऊन केलं. तू एवढंच म्हणली, "माह्या घरात हा प्रकार चालत नाई."

त्या दिवसापासून तुह्या घरात मीही चालली नाई.

तर आता तुह्या परवानगीवर माह्यी बाटली अडली हाय. तुले मजा वाटत असन तर वाटू दे. पण हो का नाई, एका ओळीत कळव. पोस्टकार्ड चालन.

जयवंता


हिंगणी,
९ फेब्रुवारी

विजे,

कमरीत दुखते म्हणून लिहिलं होतं, ते सुधारून घे. छातीतली गाठ दोन सालाआधी मोठ्या दवाखान्यात काढली होती. ते आता हाडात उतरली. तिकडच्या गोळ्या चालू हायत, दुखणं त्यांच्यावरून उडी मारून येते. हा कागद मी पडल्या पडल्या लिहून राह्यली, म्हणून ओळी उतारावर गेल्या.

तुह्याजवळ रडत नाई. सुधारून घे म्हणलं, बस.

पडून राह्यलं का जुनं लय आठवते. काल छायानं अंबाडीची भाजी अन् ज्वारीची भाकर केली. मले जेवाले बसता आलं नाई, उभ्यानं दोन घास खाल्ले, भिंतीले धरून. तर एकदम वडनेरची कापूस वेचणी आठवली. माय शेताच्या धुऱ्यावर भाकर सोडे अन् आपण दोघी उभ्याउभ्याच खाऊन पळो, का वेचलेल्या कापसाच्या ढिगावर आधी कोण उडी मारते. तू लहान म्हणून मी तुले जिंकू देत होती. तुले वाटे तू खरंच जिंकली. अजूनही तसंच वाटत असन. ढिगात पडलं का आभाळ दिसे, अन् कानात कापूस गेला का मायच्या शिव्या दुरून येतात असं वाटे. आता असं वाटते का कोणी मले उचलून त्या ढिगावर ठेवावं. गादी टोचते मले, विजे. नवी गादी हाय, मुकेशनं आणली.

मुकेश रोज इचारते, मावशीचं पत्र आलं काय. बिचारा सहीही करत नाई अन् झोपतही नाई. मी ओरडली का बाहेर जाऊन गाडी पुसत बसते. एवढी चकचकीत मोटारसायकल हिंगणीत कोणाची नाई.

छाया म्हणे, मी मावशींच्या घरी फोन करतो. मी नको म्हणलं. तू उत्तर नाई देल्लं, ते मले समजलं. फोनवर तेच दुसऱ्यांदा काऊन ऐकू?

जयवंता


हिंगणी,
२१ फेब्रुवारी

विजे,

तू परवा गेली. इथं जे झालं ते तुह्या समोरच झालं, तुले काय सांगू. पण तू बोलली तवा मी भिंतीकडे तोंड केलं होतं अन् उत्तर देल्लं नाई. ते आता देतो. आधी माह्या बाजूनं ऐक.

तू आली त्या दिवशी मी खाटेवर होती. फाटक वाजलं. छायानं डोकावलं अन् म्हणे, कोणी म्हातारी हाय, पिशवी घेऊन. मी म्हणलं, वांगेवाली असन, अर्धा किलो घे. मंग तू दारात उभी. केस पांढरे, चष्मा मायसारखा नाकावर घसरलेला. मले पहिल्यांदा वाटलं, माय न्याले आली. तुले मी हे कबूल केलं नसतं, कागदावर चालते.

अन् तुह्यं पहिलं बोलणं काय, तर "डाक्टरनं मले बोलावलं म्हणे."

मले काही उमजेना. छाया चुलीपाशी लाल झाली. नको म्हणल्यावरही तिनं फोन केला होता, अन् तुह्या सुनेले सांगितलं होतं, का आईंना डाक्टरनं विजया सांगितली हाय, जितकी लवकर मिळन तितकं बरं. तुह्या रीतानं जसाच्या तसा निरोप तुले देल्ला. अन् तुले वाटलं, शेवटचं बोलावणं हाय, म्हातारी बहिणीचं नाव घेऊन राह्यली. पहिल्या बसनं निघाली तू, वर्ध्याले उतरून दुसरी बस पकडली, डब्यात भाकरीही घेतली नाई.

मी म्हणलं, "डाक्टरनं भांग बोलावली. तू काऊन आली?"

तू पिशवीतून माहे तीनही कागद काढले. एकही फोडला नव्हता. म्हणली, तुह्यं पत्र म्हणजे शिव्या असतीन म्हणून ठेवून देल्ले. बरोबर वळखलं. आता फोड, शिव्या हायत, पण दुसऱ्या कोणाच्या नाई, तुह्याच हायत.

दुपारी मी मोरीकडे जाले उठली अन् अर्ध्या वाटेत खाली बसली. तू मले धरलं. मी ओरडली ते तू ऐकलं. तुह्या तोंडाचा रंग मी पाह्यला. मंग खाटेवर निजवून, माह्या पायाशी बसून तू सांगितलं. तुहे शब्द मी जसेच्या तसे लिहितो, म्हणजे तुले नंतर फिरवता येऊ नये.

"बाई, ते पुडी मायनं ओताले लावली."

मी काऊन म्हणलं.

"तानबा म्हणला, हे घेतलं का निवांत झोप लागन, जाग येईन तवा येईन. माय म्हणे, जयवंता हिंगणीहून निघाली हाय. मी झोपली अन् ते आली, तर काय? ओतून दे."

मी म्हणलं, मंग तेराव्याले साऱ्यांसमोर तोंडात काय धरलं होतं?

तू म्हणली, "तू इचारत होती का माय एवढी तळमळली काऊन. तुह्यासाठी तळमळली, असं सांगू?"

तवा मी भिंतीकडे तोंड केलं. तुले वाटलं रागावली. राग नव्हता. हाताले जिथं मायची नखं रुतली होती तिथं मी पाहत होती. तिथं आता काही नाई, म्हातारपणाच्या सुरकुत्या हायत. तिनं मले गाय व्याली काय इचारलं होतं. एवढं दुखणं अंगावर घेऊन तिले तेवढंच इचाराचं होतं, अन् मी तिले नीट सांगितलंही नाई का गोऱ्हा झाला. मी तुह्याकडे पाहून दात खात होती.

तर उत्तर असं. मी माफी मागत नाई. इतके साल तू मले खोट्या रागात ठेवलं, तू माग. तुले वाटलं मले सोसणार नाई. मले सोसते. हाडं फुटून राह्यली, तरी सोसून राह्यली. तुह्यावर रागावून जगणं सोपं होतं, हे खरं. पण सोपं करून दे म्हणून मी तुले सांगितलं नव्हतं.

तू सही केली, चांगलं केलं. मुकेश तुह्यासमोर उभा राहून पाहत होता, जशी तू शाळा तपासाले आली. देखरेख करणाऱ्याचं नाव विजया, औषधाचं नाव विजया. मॅडम फोनवर म्हणे, आजी, यात काही चूक तर नाही ना झाली. मी म्हणलं, चूक माह्या बापाची हाय, अर्ज पास करा.

बाटली आली तवा तू थेंब मोजत होती, अन् माह्यं तोंड उघडेना. तुले वाटलं भीती वाटते. भीती नाई. मले वाटलं, मायनं नाई घेतलं, मी कशी घेऊ. तू ओळखलं. तू लहानपणापासून नको ते ओळखते. म्हणली, "माय तुह्यी वाट पाहत होती. तू कोणाची पाहून राह्यली? मी आली. तोंड उघड."

उघडलं.

जयवंता


हिंगणी,
१० मार्च

विजे,

दुखणं गेलं नाई. मॅडमनं आधीच सांगितलं होतं, का यानं गाठ जात नाई, दुखणं जरा दूर जाऊन बसते. तसंच हाय. ते आता ओसरीवर बसते, मी घरात. मधून मधून आत डोकावते, पण खाटेवर चढत नाई. तोंडाले कोरड पडते. काल पाटावर बसून अख्खी भाकर खाल्ली, चुलीजवळ, छायाच्या हातची. मुकेश बाहेर जाऊन आला अन् त्याचे डोळे लाल. मी म्हणलं, थेंब मी घेतले, डोळे तुहे काऊन लाल?

तू गेल्यापासून थेंब तोच देते. सही तुह्यी, हात त्याचा. तीर्थ देल्ल्यासारखं देते, आधी हात धुते. गावात कोणी इचारलं तर आता म्हणते, आईची आयुर्वेदाची दवाई हाय, मावशीनं सुरू केली. तुह्यं नाव पुढं केलं का कोणी दुसरा सवाल करत नाई. तेवढ्यासाठी तुह्यं मंडळ बरं.

तुह्या मंडळातल्या बायांनी तुले टोमणे मारले म्हणे, रीता छायाले सांगत होती. त्याहिले म्हणा, जी बाई दुखण्यानं भिंतीले डोकं आपटते तिच्या घरी येऊन एक दिवस बसा, मंग बोला. अड्डे फोडत राह्य. ते वेगळं, हे वेगळं. तुले हे कोणी शिकवायची गरज नाई, पण मोठ्या बहिणीनं सांगितलेलं बरं असते.

परवा दुपारी डोळा लागला अन् सपनात बैल आला. काही बोलला नाई. चांगला धष्टपुष्ट होता.

पाडव्याले ये. गाठी, कडुनिंब सगळं इथं हाय, काही आणजो नको. रीताले अन् पोरांले घेऊन येजो. मुकेश वर्ध्याच्या स्टँडवर गाडी घेऊन येईन, ते चकचकीत. पाडव्याले जमत नसन तर आधी ये. उशिरा येऊ नको म्हणून मी सांगत नाई. मायनं जे केलं ते मी करणार नाई, विजे. डोळे ताणून मी कोणाची वाट पाहत नाई आता.

आली तवा मी झोपलेली दिसली तर उठवजो नको. बस बाजूले.

जयवंता